वैवाहिक दावा वर्ग करणे (भारतीय कायदा)

वैवाहिक दावा वर्ग करणे म्हणजे घटस्फोट, न्यायिक फारकत, विवाह रद्दबातल ठरवणे, दाम्पत्यहक्कांची पुनर्स्थापना अशा विषयांवर एका न्यायालयात दाखल झालेले प्रकरण वरिष्ठ न्यायालयाच्या आदेशाने दुसऱ्या ठिकाणच्या सक्षम न्यायालयाकडे सोपवणे होय. बोलीभाषेत यालाच 'केस ट्रान्सफर करून घेणे' असे म्हणतात. असे अर्ज पती किंवा पत्नी यांपैकी कोणीही करू शकते. प्रत्यक्षात ते बहुतांशी माहेरी परतलेल्या पत्नीकडून होतात. दावा एकाच उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत हलवायचा असल्यास दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील कलम २४ आणि एका राज्यातून दुसऱ्या राज्यात हलवायचा असल्यास कलम २५ लागू होते. अशा अर्जांत सर्वसाधारणपणे पत्नीच्या सोयीला अधिक वजन द्यावे, असे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांतून रूढ झाले आहे. मात्र हे कायद्याच्या कलमात लिहिलेले नाही. ते निकालांतून घडलेले तत्त्व आहे आणि त्याला अपवादही झाले आहेत.

निकालपत्रांतील 'सोय' हा शब्द मराठी कानांना काहीसा हलका वाटतो. प्रवासात खिडकीची जागा मिळावी तशी ही सोय नाही. न्यायालयात आपली बाजू मांडता येते की नाही, एवढा तो प्रश्न आहे.

ठिकाणाचा प्रश्न का उद्भवतो

विवाहानंतर बहुतेक स्त्रिया पतीच्या गावी राहतात आणि संसार मोडल्यावर माहेरी येतात. दोन्ही गावे एकाच तालुक्यात असली तर अडचण नसते. परंतु माहेर सावंतवाडीला आणि सासर नागपूरला, किंवा माहेर लातूरला आणि सासर इंदूरला असे असले, की दाव्याची प्रत्येक तारीख हा दोन-तीन दिवसांचा प्रवास होतो. मुंबई ते नागपूर हे रेल्वेचे अंतरच ८३७ किलोमीटर आहे. तारीख एकदाच पडत नाही. समुपदेशन, मध्यस्थी, अंतरिम पोटगीचा अर्ज, लेखी कैफियत, मुद्दे निश्चित करणे, सरतपासणीचे प्रतिज्ञापत्र, उलटतपासणी, युक्तिवाद असे टप्पे असतात आणि एकेका टप्प्याला अनेक तारखा लागतात. न्यायाधीश रजेवर असले किंवा समोरचा वकील गैरहजर असला, तर आलेला पक्षकार नवी तारीख घेऊन परततो.

कौटुंबिक न्यायालयांत पक्षकाराच्या उपस्थितीला आणखी महत्त्व आहे. कौटुंबिक न्यायालये अधिनियम, १९८४ च्या कलम ९ नुसार न्यायालयाने प्रथम समेटाचा प्रयत्न करावयाचा असतो आणि कलम १३ नुसार वकिलामार्फत बाजू मांडणे हा पक्षकाराचा हक्क धरला जात नाही. वकीलपत्र देऊन घरी बसण्याची मुभा इतर दिवाणी दाव्यांत असते, तशी ती येथे गृहीत धरता येत नाही.

पत्नी येऊ शकली नाही तर काय होते? समन्स बजावल्यावर जाबदार हजर न राहिल्यास दावा एकतर्फी चालू शकतो आणि एकतर्फी हुकूमनामा होऊ शकतो. संहितेच्या आदेश ९ नियम १३ खाली तो रद्द करून घेता येतो. पण त्यासाठी गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवावे लागते आणि मुदत अधिनियमानुसार मुदत केवळ ३० दिवसांची आहे. समन्स रीतसर बजावलेच गेले नसेल तर ही मुदत हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून मोजतात. घटस्फोटाच्या हुकूमनाम्याविरुद्ध अपिलाची मुदत संपली आणि अपील झाले नाही, तर हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम १५ नुसार दोन्ही पक्षांना पुनर्विवाहाची मोकळीक मिळते. म्हणजे दूरच्या शहरात तारखेला पोचता न आल्याने एखादीचे वैवाहिक स्थान तिचे म्हणणे ऐकल्यावाचून संपुष्टात येऊ शकते. गुणदोषांवर हरणे वेगळे आणि अंतरामुळे हरणे वेगळे. दावा वर्ग करण्याची तरतूद वैवाहिक प्रकरणांत इतकी वापरली जाते, त्याचे मूळ या फरकात आहे.

दावा कोठे दाखल होतो

हिंदू विवाह अधिनियम, १९५५ च्या कलम १९ मध्ये अर्ज कोणत्या ठिकाणी करावा हे सांगितले आहे. जेथे विवाह झाला, जेथे अर्ज करतेवेळी जाबदार राहतो, किंवा जेथे पती-पत्नी शेवटचे एकत्र राहिले, तेथील न्यायालयात अर्ज करता येतो. जाबदार अधिनियमाच्या क्षेत्राबाहेर राहत असेल, किंवा सात वर्षे त्याचा ठावठिकाणा लागलेला नसेल, तर अर्जदार राहतो त्या ठिकाणीही अर्ज चालतो.

मूळ कलमात पत्नीच्या माहेरचा विचार नव्हता. विवाह बहुधा मुलीच्या गावी होत असल्याने पहिल्या पर्यायाचा आधार अनेकींना मिळे. पण लग्न मुलाच्या गावी, देवस्थानी किंवा मोठ्या शहरातल्या मंगल कार्यालयात झाले असले की तोही मिळत नसे. विवाह कायदे (दुरुस्ती) अधिनियम, २००३ ने ही उणीव दूर केली. पत्नी अर्जदार असल्यास अर्जाच्या दिवशी ती जेथे राहत असेल तेथील न्यायालयात तिला अर्ज करता येईल, असा नवा खंड २३ डिसेंबर २००३ पासून जोडला गेला. विशेष विवाह अधिनियम, १९५४ च्या कलम ३१ मध्येही तशीच भर पडली.

या दुरुस्तीने अर्धाच प्रश्न सुटला. पत्नीने स्वतः दावा लावला तर तो तिच्या गावी चालतो. परंतु पतीने आधी आपल्या गावी दावा लावला, तर तिला तेथे जावे लागते. शिवाय कलम २१-अ नुसार दोघांनी वेगवेगळ्या न्यायालयांत घटस्फोटाचे किंवा न्यायिक फारकतीचे अर्ज केले असतील, तर नंतरचा अर्ज आधीच्या अर्जाच्या न्यायालयाकडे वर्ग होतो. याचा अर्थ जो आधी धावेल त्याचे गाव, असा घेतला जाऊ लागला. १९८१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर स्पष्ट निर्णय दिला. पतीचा दावा राजस्थानात उदयपूरला आणि पत्नीचे प्रकरण आंध्र प्रदेशात एलुरूला होते. कलम २१-अ मुळे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २५ खालील सर्वोच्च न्यायालयाचा अधिकार बाधित होत नाही, न्यायासाठी इष्ट वाटल्यास दावा कोठेही वर्ग करता येतो, असे न्यायालयाने ठरवले. आधी अर्ज करणाऱ्याला ठिकाण बहाल झाले असे समजण्याचे कारण तेव्हापासून उरले नाही.

वर्ग करण्याचे अधिकार

कलम २४ नुसार उच्च न्यायालयाला आणि जिल्हा न्यायालयाला आपल्या हाताखालील न्यायालयांतील दावा कोणत्याही टप्प्यावर काढून घेता येतो व दुसऱ्या सक्षम न्यायालयाकडे देता येतो. पक्षकाराच्या अर्जावर हे करताना दुसऱ्या बाजूला नोटीस द्यावी लागते. स्वतःहून करताना ती आवश्यक नाही. जिल्हा न्यायालयाचा हा अधिकार जिल्ह्यापुरता असतो. महाराष्ट्रात कौटुंबिक न्यायालय नसलेल्या ठिकाणी विवाहविषयक अर्ज दिवाणी न्यायाधीश, वरिष्ठ स्तर यांच्यापुढे चालतात; अशा दोन न्यायालयांमधील बदल जिल्हा पातळीवर होऊ शकतो. एका जिल्ह्यातून दुसऱ्या जिल्ह्यात दावा न्यायचा असल्यास उच्च न्यायालयात जावे लागते. मुंबई उच्च न्यायालयात असे अर्ज 'संकीर्ण दिवाणी अर्ज' म्हणून नोंदले जातात.

कलम २५ चा इतिहास वेगळा आहे. आंतरराज्य वर्गीकरणाचा अधिकार पूर्वी राज्य शासनाकडे होता. १९७६ च्या दुरुस्तीने (अंमल १ फेब्रुवारी १९७७) तो सर्वोच्च न्यायालयाकडे आला. न्यायाच्या हेतूंसाठी इष्ट आहे एवढीच कसोटी या कलमात दिली आहे. सोय, अंतर, उत्पन्न, मूल यांपैकी एकही शब्द त्यात नाही. अर्ज उथळ किंवा त्रास देण्यासाठी केलेला आढळल्यास दोन हजार रुपयांपर्यंत भरपाई देण्याचा आदेश न्यायालय करू शकते. वर्ग झालेल्या दाव्याला मूळ न्यायालयाने जो कायदा लावला असता तोच लावावा, असेही या कलमात म्हटले आहे. दावा गाव बदलतो, म्हणून पक्षकारांचे हक्क बदलत नाहीत.

राज्यसीमेवर उच्च न्यायालयाचे हात कोठे थांबतात, यावर बरीच वर्षे मतभेद होते. संहितेच्या कलम २३ मधील शब्दरचनेचा आधार घेऊन काही उच्च न्यायालये आपल्याकडील दावे परराज्यात पाठवीत. २००८ मध्ये मध्य प्रदेश व महाराष्ट्र यांच्यातील अशाच एका घटस्फोटाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो मार्ग बंद केला. एका उच्च न्यायालयाच्या अखत्यारीतून दुसऱ्याच्या अखत्यारीत दावा पाठवण्याचा अधिकार केवळ सर्वोच्च न्यायालयाचा, असे त्यात ठरले. यामुळे बऱ्हाणपूरहून जळगावला, म्हणजे काही तासांच्या अंतरावर दावा आणायचा तरी अर्ज दिल्लीला करावा लागतो.

गोवा आणि महाराष्ट्र यांच्याबाबत स्थिती निराळी आहे, कारण दोन्ही राज्यांना एकच उच्च न्यायालय आहे. गुवाहाटी उच्च न्यायालयाशी संबंधित एका प्रकरणात २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असे म्हटले की, अनेक राज्यांसाठी एकच उच्च न्यायालय असेल तर त्या राज्यांमधील दावे कलम २४ खाली तेच उच्च न्यायालय वर्ग करू शकते. या न्यायाने मडगाव आणि कोल्हापूर यांच्यातील अर्जासाठी दिल्लीला जाण्याची गरज पडू नये. अर्थात गोव्याचा कौटुंबिक कायदा वेगळा असल्याने तेथे प्रकरण कोणत्या कायद्याखाली चालू आहे, हे आधी पाहावे लागते.

जम्मू-काश्मीरला केंद्राची दिवाणी प्रक्रिया संहिता लागू नव्हती, त्यामुळे कलम २५ चा उपयोग तेथे होत नसे. तेथील दावा बाहेर आणता येतो का, हा प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेला. सरन्यायाधीश ति. सिं. ठाकूर यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने १९ जुलै २०१६ रोजी निर्णय दिला. न्याय मिळवण्याची वाट खुली असणे हा संविधानाच्या अनुच्छेद १४ व २१ मधील मूलभूत हक्काचा भाग आहे आणि कलम नसले तरी सर्वोच्च न्यायालय अनुच्छेद ३२, १३६ व १४२ खाली दावा वर्ग करू शकते, असे त्यात ठरले. न्यायाच्या वाटेचे जे घटक घटनापीठाने सांगितले, त्यांत न्यायनिवाड्याची परिणामकारक व्यवस्था, शीघ्रता आणि परवडणारा खर्च यांबरोबर 'अंतराच्या दृष्टीने आवाक्यात असणे' हाही एक घटक आहे. ऑक्टोबर २०१९ अखेरच्या पुनर्रचनेनंतर जम्मू-काश्मीरलाही केंद्राची संहिता लागू झाली आणि मूळ अडचण राहिली नाही. पण अंतर हा हक्काचाच प्रश्न आहे हे तत्त्व या निकालातून साऱ्या देशाला मिळाले. या विषयावरचा सर्वांत मूलगामी निकाल हाच मानावा लागेल, जरी वकील मंडळी रोजच्या युक्तिवादात त्याऐवजी छोट्या आदेशांचे दाखले देतात.

'पत्नीची सोय' हे तत्त्व

वैवाहिक खटल्यांचे निकाल कायद्याच्या पुस्तकांत पती-पत्नींच्या नावांनी ओळखले जातात. हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम २२ मध्ये अशा कामकाजाच्या प्रसिद्धीवर निर्बंध आहेत आणि यांतील माणसे खासगी आहेत. म्हणून या लेखात निकालांचा उल्लेख वर्ष, ठिकाण व पीठ यांवरून केला आहे.

२००० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका आदेशाचा दाखला वारंवार दिला जातो. पतीने मुंबईत घटस्फोटाचा दावा लावला होता. पत्नी २२ वर्षांची, दिल्लीत आईवडिलांकडे राहणारी. तिला स्वतःचे उत्पन्न नव्हते आणि दर वेळी मुंबईला जाण्याचा खर्च आईवडिलांना झेपणारा नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने दावा दिल्लीला वर्ग केला. पुढच्याच वर्षी बिहारमधील आरा येथून दिल्लीला दावा वर्ग करताना न्यायालयाने तर्क अधिक मोकळेपणी मांडला: दावा पतीने पत्नीविरुद्ध लावलेला आहे, तेव्हा पाहायची ती पत्नीची सोय. हे दोन्ही आदेश अवघ्या काही परिच्छेदांचे आहेत. पुढे शेकडो अर्जांत त्यांचा आधार घेतला गेला.

असे अर्ज वाढत गेले तसा न्यायालयाचा सूरही काही काळ बदलला. काही वर्षांतच दुसऱ्या एका प्रकरणात न्यायालयाने म्हटले की, स्त्रियांना दाखवलेल्या या सौम्यतेचा गैरफायदा घेतला जात असल्याचे दिसते आणि प्रत्येक अर्ज त्याच्या गुणदोषांवर पाहिला पाहिजे. त्या प्रकरणात पत्नीने लहान मूल व स्वतःची प्रकृती ही कारणे दिली होती. मुलाला सांभाळायला आजी-आजोबा आहेत आणि पत्नी व तिच्यासोबतची व्यक्ती यांचा प्रवास-मुक्कामाचा खर्च द्यायला पती तयार आहे, हे पाहून अर्ज फेटाळला गेला. पतीच्या वकिलाने हाच निकाल पुढे ठेवावयाचा, ही आता जवळजवळ परंपरा झाली आहे. खर्च देण्याची तयारी हे उत्तर पुरेसे आहे काय, याविषयी मात्र शंका घ्यायला जागा आहे. तिकिटाचे पैसे मिळाले तरी तान्ह्या मुलाला घेऊन केलेला रात्रीचा प्रवास, परक्या शहरातला मुक्काम आणि बुडालेली रोजी यांची भरपाई त्यात होत नाही.

१८ जुलै २०२२ रोजी न्या. अब्दुल नझीर व न्या. जे. के. माहेश्वरी यांनी दिलेल्या निकालाने तत्त्वाची पुन्हा नीट मांडणी केली. पतीने तमिळनाडूतील वेल्लोर येथे अर्ज केला होता; पत्नी चेन्नईत राहत होती. मद्रास उच्च न्यायालयाने तिची विनंती नाकारली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती मान्य केली आणि काय पाहावे हे सांगितले: दोन्ही पक्षांची आर्थिक स्थिती, त्यांचा सामाजिक स्तर, विवाहापूर्वीचे व नंतरचे राहणीमान, वागणुकीची रीत, उपजीविकेची साधने आणि ते कोणाच्या आश्रयाने जगत आहेत. आपल्या समाजातील सध्याची स्थिती पाहता दावा वर्ग करताना सामान्यतः पत्नीच्या सोयीकडे पाहावे लागते, असे न्यायालयाने म्हटले. तसेच एकाच संसाराविषयीची प्रकरणे दोन न्यायालयांत चालून परस्परविरोधी निकाल होऊ नयेत, यासाठी ती एकत्र चालावीत, हा मुद्दाही त्यात आहे. हे अंतर काही फार मोठे नव्हते, ही गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. न्यायालयाने किलोमीटर मोजले नाहीत. त्या स्त्रीच्या परिस्थितीकडे पाहिले.

व्यवहारात पुढील बाबी वारंवार निर्णायक ठरतात. पत्नीला स्वतंत्र उत्पन्न आहे का, पदरी लहान मूल आहे का, सोबत येणारे कोणी आहे का, आजारपण किंवा गरोदरपण, सासरच्या गावी जाण्यात धोका आहे का, आणि तिच्या गावी आधीपासून पोटगीचे किंवा कौटुंबिक हिंसाचाराचे प्रकरण चालू आहे का. शेवटचा मुद्दा विशेष प्रभावी असतो, कारण पतीला त्या प्रकरणासाठी तेथे यावेच लागते. भाषेचा मुद्दाही येतो. हैदराबादेत किंवा अहमदाबादेत चाललेल्या दाव्यातील कागद मराठी स्त्रीला वाचता येत नाहीत. उलट दावा महाराष्ट्रात आला तर आधीच्या कागदांची भाषांतरे करावी लागतात.

पतीची बाजूही पोकळ असते असे नाही. अंथरुणाला खिळलेले आईवडील, स्वतःचे अपंगत्व, साक्षीदार सर्व एका गावचे, पत्नीच्या गावी मारहाणीची भीती, किंवा पुरावा संपत आला असताना केवळ वेळ काढण्यासाठी केलेला अर्ज, अशी कारणे न्यायालयांनी ऐकली आहेत व काही वेळा मान्यही केली आहेत. पत्नी नोकरदार असून कामानिमित्त नेहमी प्रवास करते, हा प्रतिवादही केला जातो. कलम २४ व २५ मध्ये 'पत्नी' हा शब्द नाही, 'पक्षकार' हा शब्द आहे. त्यामुळे पतीचा अर्ज मान्य होण्यास कायद्याची आडकाठी नाही.

दूरदृश्य सुनावणीचा वाद

अंतर हाच प्रश्न असेल तर पक्षकाराने प्रवास करण्याऐवजी पडद्यावर हजर राहावे, हा विचार ९ मार्च २०१७ च्या निकालात पुढे आला. पतीचा दावा जबलपूरला, पत्नी हैदराबादेत असे ते प्रकरण होते. न्या. आदर्शकुमार गोयल व न्या. उदय लळित यांच्या पीठाने म्हटले की, सरसकट दावे वर्ग करण्याऐवजी दूरदृश्य सुनावणी, विधी साहाय्य, प्रवास व मुक्कामाच्या खर्चाची आगाऊ तरतूद आणि पक्षकाराशी संपर्कासाठी न्यायालयाचा दूरध्वनी व ई-मेल असे उपाय योजावेत.

सातच महिन्यांत, ९ ऑक्टोबर २०१७ रोजी, तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा मार्ग बहुमताने बदलला. सरन्यायाधीश दीपक मिश्रा व न्या. अजय खानविलकर यांच्या मते वर्गीकरणाच्या अर्जावर दूरदृश्य सुनावणीचा आदेश देता येणार नाही. कौटुंबिक न्यायालये अधिनियमाच्या कलम ११ नुसार पक्षकाराला सुनावणी बंद दालनात मागता येते. समेटाच्या बोलण्यातील एकांत आणि समोरासमोर बसून होणारा संवाद पडद्यावर साधत नाही. समेट फसल्यानंतर दोघांनी संयुक्त अर्ज किंवा संमतीपत्र दिल्यास कौटुंबिक न्यायालय तशी सुनावणी घेऊ शकते, एवढी मुभा बहुमताने ठेवली. न्या. धनंजय चंद्रचूड यांनी भिन्नमत दिले. कायद्याने तंत्रज्ञानाला मनाई केलेली नाही, आणि ज्या स्त्रीला प्रवास करणे शक्य नाही तिला हा पर्याय नाकारणे न्यायाच्या वाटेतच अडथळा आणणारे आहे, असा त्यांच्या मताचा आशय होता.

दोन्ही मते वाचण्यासारखी आहेत, कारण दोहोंचा हेतू दुर्बळ पक्षकाराचे रक्षण हाच आहे. बहुमताला खोलीत पडद्याआड कोण बसून दबाव आणत आहे याची चिंता होती, भिन्नमताला प्रवासाची. त्यानंतर करोनाची साथ आली. ६ एप्रिल २०२० च्या आदेशाने सर्वोच्च न्यायालयाने देशभर दूरदृश्य सुनावणीला मार्ग मोकळा केला आणि जानेवारी २०२१ मध्ये, साथीच्या काळात, एका वैवाहिक दाव्याचे काम दूरदृश्य पद्धतीने चालवण्याचा निर्देशही दिला. २०१७ चे बहुमत मात्र मोठ्या पीठाने रद्द केलेले नाही.

अर्जाची रीत

सर्वोच्च न्यायालयात अर्ज 'ट्रान्सफर पिटिशन (सिव्हिल)' या नावाने, प्रतिज्ञापत्रासह, तेथे नोंदणी असलेल्या वकिलामार्फत दाखल होतो. जबलपूरला जाऊ न शकणाऱ्या स्त्रीला दिल्लीला अर्ज करावा लागतो हे विचित्र दिसते; परंतु या कामासाठी पक्षकाराची उपस्थिती सहसा लागत नाही. अर्जात मूळ दाव्याची प्रत, त्याचा टप्पा, पुढची तारीख, विवाह व अपत्यांचा तपशील, उत्पन्न, दोन ठिकाणांमधील अंतर आणि दोन्ही बाजूंची इतर प्रकरणे यांची माहिती देतात. कारणे जितकी ठोस तितकी चांगली. 'प्रवास गैरसोयीचा आहे' या वाक्याने काही साधत नाही. मूल किती वर्षांचे, रेल्वेला किती तास लागतात, सोबत कोण येऊ शकते, हे लिहिलेले न्यायाधीशाला उपयोगी पडते.

एका गोष्टीकडे अनेकांचे दुर्लक्ष होते: अर्ज दाखल केल्याने मूळ दावा आपोआप थांबत नाही. स्थगिती स्वतंत्रपणे मागावी लागते आणि ती मिळेपर्यंत मूळ न्यायालयात वकिलामार्फत हजेरी लावून अर्जाची माहिती द्यावी लागते. हे न झाल्याने अर्ज प्रलंबित असतानाच एकतर्फी हुकूमनामा होण्याचा धोका राहतो.

नोटीस निघाल्यावर न्यायालय पुष्कळदा दोघांना मध्यस्थी केंद्राकडे पाठवते. काही प्रकरणे तेथेच मिटतात. सहमती झाल्यास सर्वोच्च न्यायालय अनुच्छेद १४२ खाली घटस्फोटही देते. विवाह पूर्णपणे तुटला असल्यास एका पक्षाचा विरोध असतानाही तो देता येतो, असा १ मे २०२३ चा घटनापीठाचा निकाल मुळात अशाच एका वर्गीकरणाच्या अर्जातून निघाला. अर्ज मंजूर झाल्यास मूळ न्यायालय दप्तर पाठवते आणि नवे न्यायालय दावा त्याच टप्प्यावरून पुढे चालवू शकते किंवा, विशेष निर्देश नसल्यास, नव्याने चालवू शकते. मंजूर न झाल्यास खर्चाची तरतूद, ठरावीक तारखांनाच उपस्थिती असा मधला मार्ग काढला जातो.

या अर्जांचा भार मोठा आहे. नोव्हेंबर २०२२ मध्ये सरन्यायाधीश चंद्रचूड यांनी असे सुमारे तीन हजार वैवाहिक अर्ज प्रलंबित असल्याचे सांगून प्रत्येक पीठाने रोज दहा अर्ज घ्यावेत असे ठरवले होते. २०१९ मधील नियमदुरुस्तीनंतर अशा अर्जांवर एक न्यायमूर्तीही सुनावणी घेऊ शकतात.

खर्चाबाबत दोन तरतुदी उपयुक्त आहेत. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी साहाय्य मिळू शकते. त्यासाठी तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो आणि सर्वोच्च न्यायालयातील कामासाठी तेथील विधी सेवा समिती आहे. हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम २४ खाली मूळ दाव्यात अंतरिम पोटगी व दाव्याचा खर्च मागता येतो. या कलमाचा आकडा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २४ शी जुळत असल्याने विद्यार्थ्यांचा गोंधळ होतो. दोन्हींचा एकमेकींशी संबंध नाही.

पोटगी व फौजदारी प्रकरणे

सर्वच प्रकरणांना वर्ग करण्याची गरज पडत नाही. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ च्या कलम २७ नुसार पीडित स्त्री कायम किंवा तात्पुरती जेथे राहते तेथे अर्ज करू शकते. पोटगीचा अर्ज (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १२५, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १४४) पत्नीच्या राहत्या जिल्ह्यात चालतो. सासरी झालेल्या छळाची तक्रार, पत्नीने आश्रय घेतला त्या ठिकाणीही करता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०१९ मध्ये स्पष्ट केले. फौजदारी प्रकरण वर्ग करायचे असल्यास नव्या संहितेची कलमे ४४६ (सर्वोच्च न्यायालय), ४४७ (उच्च न्यायालय) व ४४८ (सत्र न्यायालय) लागू होतात.

परदेशातील दावे

पतीने अमेरिकेत किंवा ब्रिटनमध्ये दावा लावला असल्यास तो भारतात वर्ग करण्याचा अधिकार कोणत्याही भारतीय न्यायालयाला नाही. परदेशस्थ मराठी कुटुंबांत हा गैरसमज आढळतो. अशा वेळी आधार असतो तो दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १३ चा, ज्यात परकीय निकाल केव्हा बंधनकारक मानू नये हे सांगितले आहे. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, ज्या कायद्याखाली विवाह झाला त्यातील कारणावर आणि त्याच कायद्याने सक्षम ठरणाऱ्या न्यायालयाने दिलेला घटस्फोटच सामान्यतः येथे ओळखला जाईल. त्याला अपवाद ठेवले आहेत. जाबदाराने त्या परकीय न्यायालयाची सत्ता स्वेच्छेने मान्य करून प्रत्यक्ष लढत दिली असेल, तर त्यांतला एक लागू होऊ शकतो. केवळ नोटीस मिळाली आणि ती गप्प राहिली, एवढ्याने पत्नीने ती सत्ता मान्य केली असे होत नाही. परकीय न्यायालयाला पत्र पाठवून कैफियत देण्यापूर्वी येथील वकिलाचा सल्ला घेतला जातो तो याच कारणाने.